वाटा, फरक आणि पैरा : चंदगडहून परदेशी निघालेल्यांसाठी

यात्रेच्या दिवसांत आपल्याकडं चार-पाच घरं मिळून बकरं आणतात आणि सकाळी वाटे घालतात. केळीच्या पानांवर सारख्या आकाराचे ढीग लावले जातात. प्रत्येक ढिगात काळजाचा एक तुकडा, थोडी हाडं, थोडी चरबी पडलीच पाहिजे. एखादा जाणता माणूस उकिडवा बसून नुसत्या नजरेनं या ढिगातलं उचलून त्या ढिगात टाकतो. मग पाठ फिरवून उभ्या असलेल्या पोराला विचारायचं, ‘हा कुणाचा?’ तो नाव घेईल त्याचा तो वाटा. कुणी कुरकुरत नाही, कारण वाटणी सगळ्यांसमोर झालेली असते.

हे दृश्य सुरुवातीलाच सांगायचं कारण असं की, परदेशात गेल्यावर पहिल्या महिन्यात आपल्या मुलांना अडवतं ते व्याकरण नव्हे. ‘आता पैसे कुणी द्यायचे’ या एका प्रश्नापाशी ती अडतात. ब्रिटन, जर्मनी, अमेरिका आणि ऑस्ट्रेलियात स्थिरावलेल्या मराठी कुटुंबांशी बोलून आम्ही हे टिपण केलं आहे. सगळ्यांचं म्हणणं एकच निघालं : वाटणीचे शब्द आधी शिका आणि वाटणीचं बोलणं आधी करा. त्या शब्दांमागचे व्यवहार आपल्याला नवे नाहीत. फक्त कुठल्या शब्दामागं आपला कुठला व्यवहार उभा आहे, ते ओळखता आलं पाहिजे.

१. हाव्ज : म्हणजे आपला वाटा

‘गो हाव्ज’ म्हणजे निम्मं-निम्मं. अमेरिकेत उच्चार ‘हॅव्ज’ असा ऐकू येईल आणि तरुण मुलं लाडानं ‘हाफ्सीज’ म्हणतील. टॅक्सी, पिझ्झा, फ्लॅटमधला मायक्रोवेव्ह अशा दोघांत घेतलेल्या वस्तूंसाठी हा शब्द चालतो. ‘फिफ्टी-फिफ्टी’ तर आपण शाळेपासून वापरतोच. दोघांपेक्षा जास्त माणसं असली की ‘स्प्लिट’ म्हणतात.

इथंच पहिली चूक होते. ‘स्प्लिट’ दोन तऱ्हेचा असतो. ‘स्प्लिट इट ईव्हनली’ म्हणजे एकूण बिलाला माणसांच्या संख्येनं भागायचं, मग कुणी काय खाल्लं ते पाहायचं नाही. दुसरी तऱ्हा म्हणजे ज्यानं जे मागवलं त्याचं त्यानं द्यायचं, म्हणजे कॉलेजच्या पोरांचं टीटीएमएम, तुझं तू माझं मी. तुम्ही शाकाहारी असाल, दारू घेत नसाल, आणि टेबलावरचे बाकीचे मांस आणि दारू दोन्ही घेत असतील, तर पहिल्या तऱ्हेत तुमच्या एका सूपला चौपट पैसे पडतात. त्यावर मँचेस्टरच्या एका काकूंचा सल्ला असा : ऑर्डर देतानाच वेटरला हसून सांगा, ‘माझं बिल वेगळं करा.’ बिल आल्यावर हे बोललं की कंजूषपणा वाटतो. आधी बोललं की कुणाच्या लक्षातही राहत नाही.

याच अर्थानं ‘गो डच’ हाही शब्द आहे. सतराव्या शतकात इंग्रज आणि डच यांचं व्यापारावरून आणि समुद्रावरून वैर होतं. तेव्हापासून इंग्रजीत डचांना हिणवणारे बरेच शब्दप्रयोग रुळले. म्हणून एखाद्या डच सहकाऱ्यासमोर हा शब्द टाळलेला बरा. अमेरिकेत ‘सेपरेट चेक्स’ म्हटलं की काम होतं. खुद्द नेदरलँड्समध्ये हिशेबाची सवय इतकी मुरलेली आहे की, एका बँकेनं २०१६ मध्ये काढलेल्या ‘टिकी’ या ॲपचं नाव आता रोजच्या बोलण्यातला शब्द झालंय. कॉफी पिऊन घरी पोचेपर्यंत फोनवर अडीच युरोची मागणी आली, तर ती अपमान म्हणून घेऊ नका. समोरच्यानं तुम्हाला बरोबरीचं मानलंय, एवढाच तिचा अर्थ.

‘स्प्लिट’ची आणखी एक बाजू ध्यानात असू द्या. ‘दे स्प्लिट अप’ म्हणजे त्या जोडप्याचं फाटलं. बिल वाटून घेण्याबद्दल बोलताना ‘अप’ लावू नका.

२. डिव्ही : म्हणजे आपला दर फरक

‘डिव्ही अप’ हा शब्द ब्रिटनमध्ये फार ऐकू येतो. शब्दकोश त्याचा अर्थ ‘वाटून घेणं’ असा देतात आणि आपण त्याला ‘सारखं वाटून घेणं’ समजतो. फसगत होते ती इथं.

लँकेशायरमधल्या रॉचडेल गावी २१ डिसेंबर १८४४ ला अठ्ठावीस सभासदांनी, त्यांत बरेच विणकर होते, टोड लेन या गल्लीत एक दुकान उघडलं. लोणी, साखर, पीठ, ओटचं पीठ आणि मेणबत्त्या एवढाच माल होता. भेसळ करायची नाही, मापात मारायचं नाही, आणि जो नफा उरेल तो सभासदांना त्यांच्या त्यांच्या खरेदीच्या प्रमाणात परत करायचा, असा नेम होता. त्या परताव्याला इंग्रजीत डिव्हिडंड म्हणतात आणि कामगारांच्या तोंडी तो झाला ‘डिव्ही’. पुढं ब्रिटनभर सहकारी दुकानं पसरली आणि डिव्हीच्या पैशावर घराघरांत पोरांचे बूट आले.

चंदगडच्या माणसाला हे समजावून सांगायला नको. दिवाळीच्या तोंडावर गोकुळचा दर फरक येतो, तो कुणाला किती येतो? ज्यानं वर्षभर जितकं दूध घातलं त्या मानानं. दोन म्हशीवाल्याला आणि आठ म्हशीवाल्याला सारखाच फरक मिळाला, तर डेअरीच्या पायरीवरच भांडण लागेल. भात मापताना आपले म्हातारे पहिल्या पायलीला ‘एक’ न म्हणता ‘लाभ’ म्हणतात. त्या लाभाचा ज्याचा त्याला पोचलेला अंश म्हणजे लाभांश, म्हणजेच डिव्ही.

म्हणून कुणी ‘लेट्स डिव्ही इट अप’ म्हणालं तर लगेच भागाकार करू नका. ‘सारखं की ज्याच्या त्याच्या मानानं?’ हे विचारून घ्या. ऑफिसात कामाची वाटणीसुद्धा याच शब्दानं होते, आणि तिथं तर ‘सारखं’ क्वचितच असतं. एक सावधगिरी : ब्रिटनमध्ये नुसत्या ‘डिव्ही’चा दुसरा अर्थ ‘येडपट’ असा आहे. शब्द क्रियापद म्हणून, ‘अप’ जोडून वापरा. कुणाच्या नावापुढं लावू नका.

३. शाऊट आणि राऊंड : म्हणजे आपला पैरा

रोप लावणीला आज तुमच्या शेतात माझ्या घरची माणसं, उद्या माझ्या शेतात तुमच्या घरची, बैलाचंही तसंच. पैशाचा हिशेब नाही, पण पैरा फेडायचा चुकला तर पुढच्या वर्षी कुणी बांधावर येत नाही.

ब्रिटिश पबमधला ‘राऊंड’ नेमका असाच चालतो. एक जण सगळ्यांसाठी आणतो, मग दुसरा, मग तिसरा. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडमध्ये याला ‘शाऊट’ म्हणतात. ‘माय शाऊट’ म्हणजे ओरडा नव्हे, ‘या वेळी माझ्याकडून’. ऐकून ‘थँक्यू’ म्हणायचं आणि पुढची पाळी आपली हे मनात ठेवायचं. तुम्ही लिंबू-सोडाच पीत असलात तरी पाळी घ्यायची. नको असेल तर पहिल्या फेरीआधीच ‘मी माझं माझं घेतो’ असं सांगून टाका. फेरीत घुसायचं आणि पैरा न फेडता घरी जायचं, हे तिकडंही गावासारखंच लक्षात राहतं.

ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडमधलं आणखी एक वाक्य म्हणजे ‘ब्रिंग अ प्लेट’. त्याचा अर्थ ताट-वाटी घेऊन या असा नाही. सगळ्यांना पुरेल असा एखादा पदार्थ करून आणा. रिकामी बशी घेऊन गेलेल्या नवख्या माणसांच्या गोष्टी तिकडं बऱ्याच घरांत सांगतात. अमेरिकेत यालाच ‘पॉटलक’ म्हणतात.

४. टेबलावरची रीत देशागणिक

अमेरिकेत मेन्यूवरच्या किमतीत कर नसतो आणि टिप वेगळी द्यायची असते, साधारण पंधरा ते वीस टक्के. वीस डॉलरचा पदार्थ खाऊन वीसच डॉलर पुढं केले तर उरलेलं कुणीतरी दुसरा भरतो. समजा कर आठ टक्के आणि टिप अठरा टक्के, तर तुमचा खरा वाटा होतो पंचवीस डॉलर वीस सेंट. ब्रिटनमध्ये बऱ्याच ठिकाणी साडेबारा टक्के सेवा आकार बिलातच छापून येतो. त्यावर पुन्हा टिप ठेवायची गरज नाही. ऑस्ट्रेलियात टिपची सक्ती कुणी मानत नाही.

जर्मनीत वेटर विचारतो, ‘त्सुझामेन ओडर गेट्रेन्ट?’ म्हणजे एकत्र की वेगवेगळं? ‘गेट्रेन्ट’ म्हणा, तो तिथंच उभा राहून प्रत्येकाचं वेगळं करून देतो. पण जर्मनीत ‘मी तुम्हाला जेवायला निमंत्रण देतो’ म्हणालात तर बिल तुमचं. वाढदिवसाचंही उलटसुलट आहे. जर्मनीत ज्याचा वाढदिवस तो खाऊ घालतो, आपल्या गावासारखंच. अमेरिकेत बहुधा मित्र आपापलं देतात आणि वाढदिवसवाल्याचंही वाटून घेतात.

आणि एक विनंती. आपल्याकडं हॉटेलच्या गल्ल्यापाशी ‘मी देतो, तू थांब’ म्हणून हात धरायची रीत आहे. त्यात माया आहे. पण तिकडं हात धरला की समोरचा गोंधळतो, आणि दोन-तीनदा तुम्ही जबरदस्तीनं दिलंत की तो तुमच्याबरोबर यायचंच टाळतो, कारण त्याच्या डोक्यावर फिटत नसलेलं देणं बसतं. द्यायचंच असेल तर ‘इट्स ऑन मी’ असं एकदा म्हणा. तो नको म्हणाला तर सोडून द्या.

५. घर वाटून घेताना

जेवणातली चूक दहा पौंडांची, घरातली हजाराची. म्हणून हा भाग नीट वाचा.

इंग्लंडमध्ये तिघांनी मिळून एकाच करारावर सही केली, तर कायद्यानं प्रत्येक जण पूर्ण भाड्याला बांधलेला असतो. आम्हाला भेटलेल्या एका घरातल्या मुलाचा तिसरा साथीदार जानेवारीत निघून गेला. उरलेल्या दोघांनी दोन महिने त्याचंही भाडं भरलं. म्हणून अनोळखी माणसांबरोबर राहायचं असेल तर आपल्या खोलीपुरता वेगळा करार मिळतो का ते आधी पाहा. अनामत साधारणपणे पाच आठवड्यांच्या भाड्याहून जास्त घेता येत नाही आणि मालकानं ती तीस दिवसांत संरक्षण योजनेत भरावी लागते. त्याची पावती मागून घ्या.

कौन्सिल टॅक्सवरून घराघरांत खटके उडतात. घरातले सगळे पूर्णवेळ विद्यार्थी असतील तर तो माफ असतो. एकानं शिक्षण संपवून नोकरी धरली की घराला बिल येऊ शकतं. ते कुणी भरायचं? नोकरीवाल्यामुळं आलं म्हणून त्यानं, की सगळे राहतात म्हणून सगळ्यांनी? उत्तर दोन्ही बाजूंनी देता येतं. म्हणूनच ते कुणालाही नोकरी लागण्याआधी ठरवा.

जर्मनीत रेडिओ-टीव्हीची वर्गणी दर घरामागं महिन्याला १८.३६ युरो आहे, माणसामागं नाही. पण पत्र मात्र नाव नोंदवलेल्या प्रत्येकाला येतं. घाबरून प्रत्येकानं भरू नका. एकानं भरायचं, त्याचा वर्गणी क्रमांक बाकीच्यांनी कळवायचा आणि रक्कम वाटून घ्यायची.

भाडं सारखं वाटायचं की खोलीप्रमाणे? इथं यात्रेचे वाटे आठवा. ज्याला मोठी खिडकीवाली खोली त्याच्या वाट्याला पैसेही थोडे जास्त; ज्याला जिन्याखालची, त्याचे कमी. तांदूळ, तेल, साबण यांसाठी एक सामाईक डबा ठेवा. इंग्रजीत त्याला ‘किटी’ म्हणतात. किटी पार्टीतली किटी तीच, आपली भिशीची पेटी म्हणा हवं तर. बाकी खर्च ‘स्प्लिटवाइज’सारख्या ॲपवर त्याच दिवशी टाका आणि महिन्याच्या महिन्याला चुकते करा. फिटलं की तिकडं म्हणतात, ‘वी आर क्विट्स’. तीन महिने साठलेला हिशेब कितीही बरोबर असला तरी खोटा वाटतो.

६. जे वाटायचं नाही

एवढं सांगितल्यावर शेवटचं, आणि आमच्या दृष्टीनं सगळ्यांत महत्त्वाचं.

विमानतळावर पहाटे पाचला तुम्हाला घ्यायला येणारा माणूस पेट्रोलचे पैसे मागणार नाही. पहिला आठवडा ज्यांच्या घरी सोफ्यावर काढाल, त्या काकू जेवणाचा हिशेब ॲपवर टाकणार नाहीत. तुम्ही पहिल्या पगाराला पाकीट घेऊन गेलात तर त्यांना वाईट वाटेल. ज्या ज्या घरात आम्ही विचारलं, तिथं हेच कळलं की, त्यांच्यासाठीही पूर्वी कुणीतरी असंच केलं होतं. आणि त्या माणसाला परत काही देता आलं नव्हतं, कारण तोवर तो दुसऱ्या गावी गेला होता किंवा त्याला कशाची गरजच उरली नव्हती.

हा पैराच आहे, फक्त त्याच बांधावर फेडायचा नाही. वर्ष-दोन वर्षांत पाटणे फाट्यावरून, कोवाडहून, हलकर्णीहून नाहीतर पारगडाच्या पायथ्याच्या एखाद्या वाडीतून कुणी पोर दोन बॅगा आणि काजूची पिशवी घेऊन तुमच्या शहरात उतरेल. त्याला घ्यायला जा. वाटेत ‘हाव्ज’, ‘डिव्ही’ आणि ‘शाऊट’ हे तिन्ही शब्द समजावून सांगा. आणि त्यानं टॅक्सीचे अर्धे पैसे द्यायला खिशात हात घातला, तर एकदाच म्हणा, ‘राहू दे, पुढच्याला दे.’