नोकरी परत मिळाली, मधल्या पगाराचं काय?

शिक्षक मित्रांनो, आज आपल्याच पेशातला एक खटला समजून घेऊ. औरंगाबादच्या एका खाजगी प्राथमिक शाळेने 2007 साली एका शिक्षिकेला बडतर्फ केले. बाई शाळा न्यायाधिकरणात गेल्या. 2009 मध्ये बडतर्फी रद्द झाली, शिवाय मधल्या काळाचा पूर्ण पगार द्या असाही आदेश झाला. संस्था उच्च न्यायालयात गेली. तिथे नोकरी टिकली, पगार मात्र गेला!

का? तर त्या काळात आपण कुठेच कमावत नव्हतो, हे बाईंनी सिद्ध केले नाही म्हणून. आता तुम्हीच सांगा, काम नसल्याचा पुरावा आणायचा कुठून?

2013 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा पेच सोडवला. कर्मचाऱ्याने 'मी बेकार होतो' एवढे शपथेवर सांगावे. तो कमावत होता असं मालकाला म्हणायचं असेल, तर पुरावा मालकाने द्यावा. आणि निव्वळ आपले मत वेगळे पडते म्हणून वरच्या न्यायालयाने पगाराचा आदेश बदलू नये. तो उघडपणे बेकायदा असेल तरच हात घालावा. बाईंना पूर्ण पगार मिळाला.

अर्थात प्रत्येकाला पूर्ण रक्कम मिळतेच असे नाही. नोकरी किती वर्षांची, गैरवर्तन सिद्ध झाले का, मालकाची आर्थिक स्थिती कशी, हेही बघतात. रोजंदारीवरच्या कामगाराला तर पुष्कळदा नोकरीऐवजी एकरकमी भरपाईच देतात.

पण निकाल लागेपर्यंत चूल कशी पेटायची? कारखान्यातल्या कामगारांसाठी 1947 च्या औद्योगिक विवाद कायद्यात पुढे कलम 17-ब घातले गेले. कामावर परत घेण्याच्या आदेशाविरुद्ध मालक वरच्या न्यायालयात गेला, तर तोवर शेवटचा पगार त्याने दरमहा द्यायचा. कामगाराने फक्त दुसरीकडे नोकरी नसल्याचे प्रतिज्ञापत्र द्यायचे.