कॅटामरान : दोन होड्यांचे एक जहाज

आपल्यापैकी बहुतेकांची मूळ गावे समुद्रापासून दूर, त्यामुळे बोट म्हटले की लुंबिनी पार्कहून बुद्धमूर्तीकडे जाणारी बोटच डोळ्यांसमोर येते. पण ‘कॅटामरान’ हे नाव वाटते तितके परके नाही. ते तमिळ ‘कट्टुमरम्’ वरून आले आहे. ‘कट्टु’ म्हणजे बांधणे (तेलुगूच्या तासाला हा शब्द ऐकला असेलच!) आणि ‘मरम्’ म्हणजे लाकूड. कोळी लोक ओंडके बांधून जो तराफा करीत, त्याचे हे नाव. इंग्रजांनी ते उचलले आणि पुढे दोन होड्या जोडून केलेल्या नौकेला दिले.

दोन होड्या कशासाठी? जहाज वेगाने जाऊ लागले की पाणी बाजूला सारावे लागते, लाटा उठतात आणि त्यांतच इंजिनाची बरीच शक्ती खर्च होते. लांब व अरुंद होडी पाणी सहज कापते, पण ती चटकन कलंडते. म्हणून अशा दोन होड्या अंतरावर ठेवून वर एकच रुंद मजला बांधायचा. वेगही मिळतो आणि तोलही. अडचण वजनाची. अरुंद होडी थोड्या भारानेही खोल बसते, म्हणून ही जहाजे हलक्या ॲल्युमिनियमची करतात. शिवाय ढोबळ हिशेबाने वेग दुप्पट करायचा तर शक्ती आठपट लागते. इंधनाचे बिल त्याच मानाने!

मोटारी नेणारे असे पहिले मोठे जहाज ‘हॉवरस्पीड ग्रेट ब्रिटन’. ऑस्ट्रेलियातील होबार्ट येथे बांधलेल्या या 74 मीटर लांबीच्या जहाजाने जून 1990 मध्ये अटलांटिक महासागर 3 दिवस 7 तास 54 मिनिटांत ओलांडला. सरासरी वेग ताशी सुमारे 68 किलोमीटर. 1952 पासूनचा विक्रम मोडला. नंतर ते इंग्लंड-फ्रान्स खाडीत धावू लागले. पण 1994 मध्ये त्याच खाडीखालून रेल्वेचा बोगदा सुरू झाला. 2005 मध्ये हॉवरस्पीड कंपनी बंद पडली आणि हे जहाज नवे नाव घेऊन ग्रीसच्या बेटांकडे गेले.

आपल्याकडेही काहीसे असेच घडले. 1994 च्या सुमारास दमानिया कंपनीची प्रवासी कॅटामरान मुंबई-पणजी धावू लागली. पावसाळ्यात ती बंद असे. 1998 मध्ये कोकण रेल्वे पूर्ण झाली. स्वस्त आणि बारमाही गाडी दारात आल्यावर महाग बोट किती दिवस तग धरणार?

पावसाळ्यातील बंदी ही उगाच केलेली भीती नव्हे. 17 जुलै 1947 रोजी मुंबईहून रेवसला निघालेली ‘रामदास’ बोट लाटांत कलंडली आणि सहाशेहून अधिक माणसे बुडाली. सणासाठी घरी निघालेली माणसे होती ती. कोकणातील घरांत ही आठवण अजून काढतात.

त्याच बाजूला, गेटवेहून मांडव्याला आजही प्रवासी कॅटामरान जातात, पण पावसाळ्यात थांबतात. मोटारी नेण्याचे काम मार्च 2020 पासून ‘प्रोटोपोरोस’ हे ग्रीसमध्ये बांधलेले जहाज करते. ते भाऊच्या धक्क्यावरून निघून तासाभरात मांडव्याला पोचते. फार वेगवान नाही, पण सुमारे 145 मोटारी घेते आणि हवामान फारच बिघडले नाही तर पावसाळ्यातही चालते. माझ्या मते याचे खरे बळ वेगात नाही. रस्त्याने तोच प्रवास शंभर किलोमीटरच्या आसपास पडतो, यात आहे. आता जानेवारी 2024 मध्ये अटल सेतू खुला झाल्याने रस्त्याची वाटही सोपी झाली आहे. पुढे काय होते ते पाहण्यासारखे आहे.

घरी करून पाहा : झाकण लावलेली रिकामी बाटली पाण्याच्या टबात आडवी ठेवा आणि तिच्यावर नाणे ठेवून पाहा. मग तशाच दोन बाटल्या चार बोटे अंतर ठेवून दोन काड्यांना बांधा, वर पुठ्ठा ठेवा आणि एकेक नाणे वाढवत जा. किती नाण्यांना पुठ्ठा भिजतो? बाटल्या अगदी जवळ बांधल्या तर काय होते? आकडे वहीत लिहून विज्ञानाच्या तासाला आणा.