ओघतक्त्यातून आज्ञावलीकडे

संगणकाची आज्ञावली लिहावयास बसलेला नवशिका विद्यार्थी प्रथम अडखळतो, तो बहुधा विचारापाशी नव्हे, तर चिन्हांपाशी. एक कंस राहून गेला, अपूर्णविराम विसरला, इंग्रजी शब्दातील एखादे अक्षर मागेपुढे झाले, की पडद्यावर दोष उमटतो आणि काम तेथेच थांबते. मराठी माध्यमाच्या विद्यार्थ्यावर तर दुहेरी भार पडतो. विचार मराठीत करावयाचा, आज्ञा मात्र इंग्रजी शब्दांत द्यावयाच्या. आपली चूक तर्कात आहे की शब्दलेखनात, हे त्याला उमगत नाही आणि हा विषय आपल्या आवाक्याबाहेरचा आहे, असा ग्रह तो पहिल्याच आठवड्यात करून घेतो. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणाने इयत्ता सहावी ते आठवीच्या टप्प्यावरच आज्ञावली-लेखनाच्या कृती सुरू करण्याचे सुचविले असल्याने हा प्रश्न आता केवळ महाविद्यालयांपुरता राहिलेला नाही.

यावर एक जुना उपाय उपलब्ध आहे. तो म्हणजे ओघतक्ता. त्याला संगणक लागत नाही, वीज लागत नाही. फळा व खडू पुरतात. आणि तो मराठीत काढता येतो.

ओघतक्त्याचा जन्म संगणकापूर्वीचा आहे. कारखान्यातील कामाच्या पायऱ्या चित्ररूपाने मांडण्याची पद्धत फ्रँक व लिलियन गिलब्रेथ या दांपत्याने १९२१ मध्ये अमेरिकेतील यंत्र-अभियंत्यांच्या संस्थेपुढे मांडली. पुढे १९४७ मध्ये हरमन गोल्डस्टाइन व जॉन फॉन नॉयमान यांनी इलेक्ट्रॉनिक संगणकासाठी गणिते कशी रचावीत हे सांगताना अशाच आकृत्यांचा आधार घेतला. चिन्हांचे सध्याचे आंतरराष्ट्रीय मानक १९८५ मधील आहे. नवशिक्यास त्यांपैकी चार चिन्हे पुरेशी आहेत. आरंभ व शेवट यांसाठी लंबगोल, माहिती घेणे-देणे यासाठी समांतरभुज चौकोन, कृतीसाठी आयत, आणि निर्णयासाठी शंकरपाळ्याच्या आकाराचा चौकोन. शंकरपाळ्यात नेहमी प्रश्न असतो आणि त्यातून दोन वाटा फुटतात, एक ‘होय’ची व एक ‘नाही’ची.

गणपूर्तीचे उदाहरण

पाठ्यपुस्तकांतून बहुधा तीन संख्यांतील मोठी संख्या शोधण्याचे उदाहरण दिलेले असते. ते चूक नाही, परंतु त्यात विद्यार्थ्याचे मन गुंतत नाही. त्याऐवजी गावातील प्रत्येकाने पाहिलेला प्रसंग घेता येईल. महाराष्ट्रात ग्रामसभेच्या गणपूर्तीसाठी एकूण मतदारांच्या १५ टक्के किंवा १०० यांपैकी जी संख्या कमी असेल तेवढी उपस्थिती लागते. गणपूर्ती न झाल्यास सभा तहकूब होते आणि तहकूब सभेस गणपूर्तीचे बंधन राहत नाही. नियम दोन वाक्यांचा आहे. पण तो फळ्यावर उतरवू लागताच त्यात किती निर्णय दडले आहेत ते दिसते.

पहिला शंकरपाळा विचारतो, ‘ही तहकूब सभा आहे काय?’ उत्तर ‘होय’ असेल तर वाट थेट कामकाजाकडे जाते. ‘नाही’ असेल तर मतदारसंख्या घ्यावी, तिचे १५ टक्के काढावेत आणि दुसरा प्रश्न विचारावा, ‘हा आकडा १०० पेक्षा जास्त आहे काय?’ ५४० मतदारांच्या गावी आकडा ८१ येतो, म्हणून आवश्यक उपस्थिती ८१. ७२० मतदारांच्या गावी तो १०८ येतो, म्हणून आवश्यक उपस्थिती १००. दोन्ही वाटा पुन्हा एकत्र येतात आणि उपस्थितांची मोजणी सुरू होते.

शेवटचा प्रश्न सर्वांत बोधप्रद आहे. ‘उपस्थिती आवश्यक संख्येपेक्षा जास्त आहे काय?’ असा प्रश्न बरेच विद्यार्थी सहज लिहून जातील. आता ५४० मतदारांच्या गावी नेमके ८१ जण आले, तर हा तक्ता ‘नाही’च्या वाटेने जाऊन सभा तहकूब करील! नियमाप्रमाणे गणपूर्ती झालेली आहे. तक्त्यातील एका शब्दाने ८१ माणसांची सभा मोडली. ‘उपस्थिती आवश्यक संख्येपेक्षा कमी आहे काय?’ असा प्रश्न करून ‘होय’ची वाट तहकुबीकडे नेली, की दोष निघतो. सीमेवरच्या संख्येची परीक्षा घेण्याची ही सवय आज्ञावली लिहिणाऱ्याच्या अंगी जितकी लवकर बाणेल तितकी बरी. ५३० मतदारांचे १५ टक्के ७९.५ होतात, मग अर्धा माणूस कोठून आणावयाचा, हा प्रश्न वर्गातून येणारच. तो विद्यार्थ्यांनीच सोडवावा. ७९ ही संख्या ७९.५ पेक्षा कमी आहे, ८० कमी नाही, एवढे त्यांना सापडले म्हणजे झाले.

मोजणी, पाटी आणि चिंचोका

नवशिक्यास खरी अवघड जाते ती पुनरावृत्ती. उपस्थितीच्या नोंदवहीतील सह्या मोजावयाच्या आहेत असे समजू. ‘उपस्थिती ० धरा’ हा पहिला आयत. त्याखाली प्रश्न, ‘पुढील ओळ शिल्लक आहे काय?’ असल्यास ती वाचावी. तीवर सही असल्यास उपस्थितीत १ मिळवावा. नसल्यास काही करू नये. आणि दोन्ही वाटांनी बाण पुन्हा वर, ‘पुढील ओळ शिल्लक आहे काय?’ या प्रश्नाकडे न्यावा. ओळी संपल्या की मोजणी संपली.

येथे शिक्षकाने एका मुलाच्या हाती पाटी द्यावी. तीवर ‘उपस्थिती’ असे नाव लिहावे व खाली आकडा. आकडा बदलला की जुना पुसून नवा लिहावयाचा. चल म्हणजे काय, हे या पाटीइतके कोणतीही व्याख्या सांगू शकत नाही. बीजगणित शिकलेल्या मुलास आज्ञावलीतील ‘उपस्थिती = उपस्थिती + १’ ही ओळ सरळसरळ खोटी वाटते, आणि त्याचे म्हणणे गणिताच्या दृष्टीने बरोबरच आहे. तक्त्यात ‘उपस्थितीत १ मिळवा’ असे लिहिलेले असते, पाटीवर ते घडताना दिसते. मग त्या चमत्कारिक ओळीचा अर्थ पुढे सांगावा लागत नाही.

दुसऱ्या मुलाने तक्त्यावर चिंचोका ठेवून तो बाणांच्या दिशेने एकेक घर सरकवावा. यंत्र जसे एका वेळी एकच आज्ञा पाळते, तसेच. पाच ओळींची नोंदवही घ्यावी, त्यांपैकी दुसरी व पाचवी ओळ सहीविना ठेवावी. पाटीवर क्रमाने १, १, २, ३, ३ असे आकडे आले पाहिजेत. आता परतीचा बाण मुद्दाम एक घर वर, ‘उपस्थिती ० धरा’ या आयताकडे न्यावा आणि चिंचोका पुन्हा फिरवावा. प्रत्येक ओळीनंतर पाटी पुसली जाते आणि नोंदवहीत कितीही सह्या असल्या तरी उत्तर शून्य येते. लिखित आज्ञावलीत हाच दोष शोधताना विद्यार्थी थकून जातो. येथे तो बोटाने दाखवता येतो. तसेच ‘नाही’ची वाट काढावयाचीच राहून गेली असेल, तर चिंचोका शंकरपाळ्यावर अडकून बसतो आणि वर्गास ते लगेच कळते.

आक्षेप व मर्यादा

ओघतक्त्यावर टीका झाली नाही असे नाही. संगणक-अभियंता फ्रेडरिक ब्रुक्स यांनी १९७५ च्या आपल्या ग्रंथात त्याचे महत्त्व फाजील वाढवल्याचे म्हटले. अनुभवी मंडळी आज्ञावली आधी लिहितात आणि नियमाने मागितला म्हणून तक्ता मागाहून काढतात, असे त्यांचे निरीक्षण होते. बेन श्नायडरमन व सहकाऱ्यांनी १९७७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत आज्ञावलीच्या जोडीला सविस्तर तक्ता दिल्याने विशेष लाभ आढळला नाही. उलट, १९८९ मध्ये डेव्हिड स्कॅनलन यांनी शब्दांत लिहिलेल्या कृतिक्रमाशी सुरचित ओघतक्त्यांची तुलना केली, तेव्हा विद्यार्थ्यांना तक्ते अधिक चांगले समजल्याचे दिसले. या दोन निष्कर्षांत वाटतो तितका विरोध नाही. आज्ञावली वाचता येणाऱ्यास तक्ता म्हणजे तीच गोष्ट दुसऱ्यांदा सांगणे होय; गुंतागुंतीच्या अटींची वाट प्रथमच चालणाऱ्यास मात्र तो नकाशासारखा उपयोगी पडतो. आपल्याकडे परीक्षेत ‘ओघतक्ता काढा’ या प्रश्नास गुण असतात म्हणून आकार घोटून घेण्याची जी पद्धत आहे, तीत हा उपयोग पार नाहीसा होतो.

तक्त्याची एक खरी उणीव शिक्षकाने ध्यानात ठेवली पाहिजे. एकदाच घ्यावयाचा निर्णय आणि पुनःपुन्हा विचारावयाचा प्रश्न, दोहोंसाठी एकच शंकरपाळा वापरला जातो. भेद फक्त बाणात असतो. बाण खाली जाऊन दुसऱ्या वाटेस मिळाला तर तो निर्णय, वर परतला तर ती पुनरावृत्ती. परतीचे बाण रंगीत खडूने काढले तर हा भेद डोळ्यांत भरतो. तसेच बाण कोठूनही कोठेही नेण्याची मुभा देऊ नये. क्रम, निवड व पुनरावृत्ती या तीन रचनांतून कोणताही कृतिक्रम मांडता येतो, हे बोम व जाकोपिनी यांनी १९६६ मध्येच दाखविले आहे. या तिहींबाहेरचा बाण तक्त्यात आला तर तो पुसून पुन्हा विचार करावयास लावावे.

संगणक हाताशी असल्यास तक्ताच चालवून दाखविणारी साधने आहेत. अमेरिकेच्या वायुसेना अकादमीत तयार झालेले ‘रॅप्टर’ आणि सॅक्रामेंटो येथील विद्यापीठातील डेव्हिन कुक यांनी २०१४ मध्ये आणलेले ‘फ्लोगोरिदम’ ही त्यांपैकी दोन. काढलेल्या तक्त्यातून पायथनसारख्या भाषेतील आज्ञावली ‘फ्लोगोरिदम’ आपणहून तयार करून देते. परंतु ही सोय पहिल्या काही आठवड्यांत दडवून ठेवलेलीच बरी. वहीच्या डाव्या पानावर तक्ता, उजव्या पानावर त्याच उंचीवर पायथनची ओळ, असे विद्यार्थ्याने स्वतः लिहिले म्हणजे कोणता शंकरपाळा ‘इफ’ झाला व कोणता ‘व्हाइल’, हे त्याला आपोआप उमजते.

तक्ता एका पानात मावेनासा झाला की तो मोडावा. सह्या मोजण्याचा भाग वेगळ्या पानावर घ्यावा. मूळ तक्त्यात ‘उपस्थिती मोजा’ एवढाच एक आयत राहील. आज्ञावलीत याच आयताचे स्वतंत्र नावाचे फलन होते. येथवर आलेला विद्यार्थी छोट्या कामांसाठी तक्ता न काढताच ओळी लिहू लागतो; त्याला अडवू नये. अडला म्हणजे खडू त्याच्या हाती द्यावा.