कागदावरचा खोत, सातबाऱ्यावरचा मालक

दाभोळच्या वतनावरून मराठ्यांच्या राजघराण्यात फूट पडली होती, हे आज दाभोळच्या धक्क्यावर फेरीबोटीची वाट पाहणाऱ्यांपैकी फार थोड्यांना ठाऊक असेल. शृंगारपूरच्या शिर्क्यांना दाभोळची देशमुखी हवी होती. गणोजी शिर्के शिवाजी महाराजांचे जावई आणि संभाजी महाराजांच्या पत्नी येसूबाई या शिर्क्यांच्याच कन्या. इतकी दुहेरी सोयरीक असूनही वतन मिळाले नाही, आणि गणोजी मोगलांना जाऊन मिळाले. पुढे जिंजीच्या वेढ्यातून राजाराम महाराजांना बाहेर काढायची वेळ आली तेव्हा गणोजींनी मदतीच्या बदल्यात पुन्हा दाभोळचेच वतन मागितले, आणि खंडो बल्लाळ चिटणिसांनी आपल्याकडचा हक्क सोडून ते त्यांना दिले, अशी हकिकत बखरींनी सांगितली आहे. राजाची सुटका आणि एका महालाचे वतन एकाच तराजूत घातले गेले, यावरून त्या काळी वतनाचे वजन काय होते ते कळते.

पण शिर्के नेमके मागत काय होते? दाभोळची जमीन? नाही. देशमुखी म्हणजे महालाच्या वसुलीवर देखरेख करण्याचा, रयतेची जबाबदारी घेण्याचा आणि त्याबद्दल ठरलेला हक्क व मानपान घेण्याचा वंशपरंपरागत अधिकार. शेत कसणाऱ्याचे, महसूल सरकारचा आणि त्या महसुलातला ठरावीक वाटा देशमुखाचा. एकाच शेतावर असे तीन-चार हक्क एकावर एक बसलेले असत. आज आपण ‘मालक’ या एका शब्दात सगळे कोंबतो, आणि जुने कागद उघडले की गोंधळ तिथूनच सुरू होतो.

या गोंधळाची किंमत मोजलेले एक कुटुंब दाभोळजवळच्या एका वाडीतले आहे. तीन पिढ्या मुंबईत, गणपती-शिमग्याला गावी येणारे. घरात पिढ्यान् पिढ्या एकच वाक्य चालत आलेले : ‘आपण इथले खोत.’ माळ्यावरच्या पेटीत एक मोडी कागद आणि इंग्रजी अमदानीतला एक बाळबोध दस्त निघाला. दस्तात ‘खोती तक्षीम चार आणे’ असे स्वच्छ लिहिले होते. सोळा आण्यांतले चार, म्हणजे चौथाई गाव आपले, असा हिशेब घरच्यांनी मांडला. मोडी कागदावर कुणीतरी ओझरती नजर टाकून ‘देसमुखानी’ हा शब्द वाचून दाखवला. मग काय, पूर्वज देशमुखही ठरले. खाडीकडच्या उतारावर पिढ्यान् पिढ्या कसणाऱ्या कुळांच्या घरांना नोटिसा गेल्या.

पुढचे सांगताना त्या घरातले काका आजही आवाज चढवत नाहीत. “वकिलाकडे आम्ही आधी गेलो आणि मोडी वाचणाऱ्याकडे नंतर. हे उलटं व्हायला हवं होतं. पैसे गेले ते गेले, पण शिमग्याला पालखी दारात आली तेव्हा समोरच्या घरातलं कुणी आमच्या अंगणात उभं राहिलं नाही. ते जास्त लागलं. ज्यांच्याकडे असे कागद असतील त्यांनी निदान आमच्याकडे बघून थांबावं.”

काकांचे हे सांगणे मनावर घेण्यासारखे आहे, कारण त्या दोन्ही कागदांत खोटे काहीच नव्हते. वाचणाऱ्यांनी शब्द आजच्या अर्थाने वाचले, एवढेच.

आधी तक्षीम. तक्षीम म्हणजे हिस्सा, पण हिस्सा कशाचा ते पाहावे लागते. खोती तक्षीम हा खोतपणातला हिस्सा असे. खोत म्हणजे गावाचा सारा गोळा करून सरकारात भरणारा आणि त्या बदल्यात कुळांकडून फायदा घेणारा वतनदार. घराण्याच्या शाखा वाढल्या की खोतीचे आणे-पै पडत, आणि भागीदार पाळीपाळीने गावाची वहिवाट करत. ज्याची पाळी तो त्या काळापुरता ‘वहिवाटदार खोत’. चार आण्यांची तक्षीम म्हणजे त्या उत्पन्नात आणि त्या पाळीत चौथा वाटा. गावच्या जमिनीतला चौथा तुकडा नव्हे. शिवाय गावात सगळी कुळे एकसारखी नसत. धारेकऱ्याने सरकारी धारा भरला की त्याची जमीन जवळजवळ त्याचीच. अर्धेलीने कसणारा पिकाचा निम्मा भाग देई. आणि ‘खोत खासगी’ नावाची जमीन वेगळीच. ती मात्र खरोखर खोताच्या घरची. तेव्हा जुन्या दस्तात ‘खोत’ हा शब्द दिसला की त्याच्या मागेपुढे ‘निसबत’ (म्हणजे संबंध) आहे, ‘वहिवाट’ आहे की ‘खासगी’ आहे, हे आधी बघावे. सगळा फरक त्या पुढच्या शब्दात असतो.

खोत हा जमिनीचा मालक की फक्त वसूल करणारा, हा वाद काही काकांच्या घरापुरता नाही. एकोणिसाव्या शतकात तो मुंबई सरकारपुढे गाजला. १८६५ आणि १८८० साली खोतीबद्दल कायदे झाले. दाभोळपासून फार दूर नसलेल्या मुरुडचे रावसाहेब विश्वनाथ नारायण मंडलिक हे ‘व्यवहारमयूखा’चे इंग्रजी भाषांतर करणारे कायदेपंडित, त्यांनी विधिमंडळात खोतांची बाजू हिरिरीने मांडली. त्याच्या दोन पिढ्यांनंतर, १७ सप्टेंबर १९३७ रोजी, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मुंबईच्या विधिमंडळात खोती नष्ट करण्याचे विधेयक आणले. त्यांचे मूळ गाव आंबडवे शेजारच्या मंडणगड तालुक्यातले. दोघेही याच मातीशी जोडलेले आणि दोघेही कायद्याचे गाढे अभ्यासक. एकाला खोतीत परंपरेचा हक्क दिसला, दुसऱ्याला कुळाच्या मानेवरचे जू. कुळांनी काय सोसले ते पाहता आंबेडकरांची बाजू न्यायाची होती, याबद्दल प्रस्तुत लेखकाच्या मनात शंका नाही. कुलाबा जिल्ह्यात चरीच्या शेतकऱ्यांनी १९३३ पासून सहा वर्षे संप करून खोतांची शेते पडीक ठेवली होती, इतका हा प्रश्न पेटलेला होता.

अखेर खोती रद्द करणारा कायदा १९४९ साली झाला आणि १५ मे १९५० पासून अमलात आला. खोत खासगी जमीन खोताकडे राहिली. धारेकरी आणि कायम कुळे भोगवटादार झाली. त्यानंतर १ एप्रिल १९५७ च्या कृषक दिनाने कूळकायद्याखाली कसणाऱ्यांना मालकीची वाट मोकळी केली. देशमुख-देशपांडे यांची परगणा वतने आणि कुलकर्णी वतने १९५० च्या कायद्याने गेली, गावच्या महसुली पाटलाचे वंशपरंपरागत पद १९६२ च्या कायद्याने. म्हणजे काकांच्या पेटीतला दस्त खरा, त्यातला हक्कही खरा, पण तो हक्क काकांच्या लहानपणीच संपलेला होता. नोटीस काढण्यापूर्वी या तारखा कुणी तरी त्यांच्यापुढे ठेवायला हव्या होत्या.

आता मोडी कागदातले ‘देसमुखानी’. शिवकाळातल्या आणि त्याआधीच्या आदिलशाही आज्ञापत्रांची सुरुवात ठरलेल्या साच्याची असते. ‘अज रख्तखाने’ अशी सुरुवात, मग ज्यांना हुकूम पोचवायचा त्यांची नावनिशी : ‘ब जानेबु कारकुनानी हाल व इस्तकबाल व देसमुखानी’, आणि पुढे महालाचे नाव. अर्थ इतकाच की ‘आत्ताचे व पुढे येणारे कारकून आणि देशमुख यांना कळावे’. फारसी धाटणीचे हे अनेकवचन आहे, हुकूम ज्यांनी पाळायचा त्यांना उद्देशून लिहिलेले. वतन ज्याला दिले त्याचे नाव कागदात पुष्कळ खाली येते. दर वेळी मधला मजकूर सोडून पहिल्या ओळीतल्या मोठ्या शब्दाशी नाते जोडले जाते. पत्राच्या पत्त्यावरून पाठवणाऱ्याचे गोत्र ठरवण्यासारखे ते आहे.

त्याच ओळीतला कारकूनही फसवतो. तो आजच्या कचेरीतला लेखनिक नव्हे. महालावर सरकारने नेमलेला अधिकारी. हुद्द्यांचे असे कितीतरी शब्द वर-खाली झाले आहेत. शिवकाळात दाभोळ हा एक सुभा होता. तिथला सुभेदार म्हणजे अनेक महालांचा कारभार पाहणारा मोठा मुलकी अधिकारी. इंग्रजांच्या फौजेतला सुभेदार मात्र हिंदी शिपायांतून चढत आलेला आणि कितीही सेवा झाली तरी कोवळ्या गोऱ्या अधिकाऱ्याच्याही खाली राहणारा. बाबासाहेबांचे वडील रामजी सकपाळ सुभेदार-मेजर होते आणि निवृत्तीनंतर काही काळ दापोलीला राहिले, कारण दापोली ही पेन्शनर शिपायांची वस्ती होती. तेव्हा दापोली तालुक्यातल्या एखाद्या घराने ‘पणजोबा सुभेदार’ म्हटले तर आधी साल विचारावे. सतराव्या शतकातला असेल तर मोडी दप्तर धुंडाळावे, एकोणिसाव्या शतकातला असेल तर फौजेची नोंद.

मानाच्या पदव्यांचेही तसेच. ‘सरखेल’ ही कान्होजी आंग्र्यांची पदवी आरमाराच्या अधिकाराची होती, आणि तिच्यामागे गलबते व किल्ले होते. दाभोळसमोरचा अंजनवेलचा गोपाळगड तुळाजी आंग्र्यांनी १७४५ साली सिद्दीकडून घेतला, तो याच बळावर. ‘रावसाहेब’ आणि ‘रावबहादूर’ हे इंग्रजांनी एका माणसाला दिलेले सन्मान. त्यांच्याबरोबर जमीन येत नसे आणि मुलाकडे ते जात नसत. ‘जहागीर’, ‘सरंजाम’ आणि ‘इनाम’ यांची तर नेहमीच सरमिसळ होते. सरंजाम हा फौज बाळगण्याच्या खर्चासाठी लावून दिलेला मुलूख, नोकरी थांबली की काढून घेता येणारा. इनाम सहसा चिरकाल चालणारे. पण तेही कधी जमिनीचे, तर कधी फक्त तिच्या साऱ्याच्या माफीचे. देवळाच्या दिवाबत्तीसाठी दिलेले इनाम पुजाऱ्याच्या नावे दिसले तरी ते देवाचे. आजच्या सातबाऱ्यावर ‘देवस्थान इनाम वर्ग ३’ अशी नोंद असेल, तर तिथे खरेदीचा विसार देऊन बसू नये.

राज्यकर्त्यांनाही हा शब्दसंभार सहज उलगडला नव्हता. शिवाजी महाराजांनी रघुनाथपंत हणमंत्यांकरवी ‘राज्यव्यवहारकोश’ करवून घेतला, त्यात फारसी राजशब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले. मुजुमदाराचा अमात्य, सुरनिसाचा सचिव, डबिराचा सुमंत झाला. इंग्रजांनी इनामे तपासायला १८५२ च्या कायद्याने इनाम कमिशनला अधिकार दिले आणि सनदा नसलेल्या कितीतरी घराण्यांची इनामे गेली. महसुली-न्यायालयीन शब्दांचा विल्सनचा जाडजूड कोश १८५५ चा आणि मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची दुसरी आवृत्ती १८५७ ची. हे दोन्ही कोश आजही उपयोगी पडतात, कारण शब्द वापरात असतानाच ते नोंदले गेले आहेत.

कागद हाती आला की सर्वांत आधी काळ ठरवावा. मराठी कागदांत बहुधा सुहूर सन असतो आणि तो अरबी अंकशब्दांत, एकम् आधी, या क्रमाने लिहिलेला. ‘इहिदे सितैन मया व अलफ’ म्हणजे एक, साठ, शंभर आणि हजार : ११६१. हे वर्ष मृगापासून सुरू होते, म्हणून पावसाळ्यापासून डिसेंबरपर्यंतच्या कागदाला ५९९ आणि जानेवारी ते मे मधल्या कागदाला ६०० मिळवावेत. पानिपतची संक्रांत ११६१ मधली, म्हणजे १७६१. तिथीआधी ‘छ’ असे अक्षर असेल तर ती मुसलमानी महिन्याची चांद्र तारीख. ‘राज्याभिषेक शक’ असेल तर १६७४ पासून मोजावे. काळ कळला की सत्ता कोणाची होती ते कळते, आणि मग खाली शिक्का कोणाचा असायला हवा तेही.

त्यानंतर कागदाची जात. सनद किंवा वतनपत्र हक्क देते. महजर हा गोतसभेपुढे झालेल्या वादाचा निवाडा. त्यात साक्षीदारांच्या निशाण्या असतात आणि दोन्ही बाजू सापडतात. करिना म्हणजे एका पक्षाने स्वतःची सांगितलेली हकिकत. करिन्यात पूर्वजांचा पराक्रम भरभरून असतो, पण तो पुरावा म्हणून एकटा उभा राहत नाही. पालखीचा, गाऱ्हाण्याचा, पहिल्या विड्याचा मान सांगणारे कागदही कोकणात पुष्कळ निघतात. नुसत्या मानापानासाठी दिवाणी दावा चालत नाही, असे न्यायालये आजवर अनेकदा सांगत आली आहेत.

आणि मग उलट्या टोकाने चालत यावे : आजचा सातबारा, त्यावरच्या फेरफारांचे क्रमांक, तहसील कचेरीच्या अभिलेख कक्षातले जुने फेरफार, १९५० च्या आसपास नाव कसे बदलले ती नोंद, आणि मगच पुण्याच्या पुराभिलेखागारातले पेशवे दप्तर. काकांच्या घराने अखेर तेच केले. चौथाई गाव निघाला नाही, पण खोत खासगी म्हणून नोंदलेले वरकस जमिनीचे दोन तुकडे निघाले. आजोबांनंतर त्यांवर वारसनोंदच झाली नव्हती. ती करून घेतली, नोटिसा मागे घेतल्या.

मोडी वाचून घेणाऱ्यांना काका आता एकच गोष्ट बजावतात : लिप्यंतर आणि अर्थ दोन वेगळ्या कागदांवर मागा. पहिल्यावर ओळीला ओळ, अक्षराला अक्षर, जिथे लागले नाही तिथे मोकळी जागा. दुसऱ्यावर वाचणाऱ्याला काय वाटते ते. दोन्ही एकत्र लिहिले की वाचणाऱ्याचा अंदाज कागदाच्या मजकुरात मिसळतो आणि दुसऱ्या जाणकाराला तो तपासता येत नाही.