भिंतीपाशी प्रार्थना

प्रस्तावना

ज्यू समाज मराठी वाचकाला परका नाही. कोकणात शतकानुशतके राहिलेले बेने इस्राएल लोक तेलाचे घाणे चालवीत आणि शनिवारी काम बंद ठेवीत, म्हणून त्यांना ‘शनिवार तेली’ असे नाव पडले. त्यांची घरची भाषा मराठी होती. भारत स्वतंत्र झाल्यानंतरच्या काळात त्यांच्यापैकी अनेक कुटुंबे इस्राएलला गेली आणि तेथेही त्यांनी ‘मायबोली’ हे मराठी नियतकालिक चालवले. ज्यू माणूस जगात कोठेही असो, प्रार्थनेच्या वेळी तो जेरुसलेमकडे तोंड करून उभा राहतो. त्याच जेरुसलेममध्ये एका भिंतीपाशी प्रार्थना कशी करावी, कोणी करावी आणि ते कोणी ठरवावे, यावरून तीन दशकांहून अधिक काळ एक वाद चालला आहे. हा वाद देव मानणारे आणि न मानणारे यांच्यातील नाही. दोन्ही बाजू श्रद्धावान आहेत, ही गोष्ट पाठ वाचताना सतत ध्यानात ठेवा.

या पाठाच्या अभ्यासानंतर तुम्हांला धर्मनियम आणि रूढी यांतील फरक स्पष्ट करता येईल, तसेच एखाद्या वादातील दोन्ही बाजूंचे म्हणणे स्वतःच्या शब्दांत मांडता येईल.

मूळ पाठ

१ डिसेंबर १९८८. जेरुसलेमच्या जुन्या शहरातून सुमारे सत्तर स्त्रिया पश्चिम भिंतीकडे निघाल्या होत्या. ज्यू स्त्रीवाद्यांच्या आंतरराष्ट्रीय परिषदेसाठी त्या शहरात जमल्या होत्या. त्यांच्यात सनातनी घरांतील स्त्रिया होत्या, तशाच सुधारक पंथांतीलही होत्या. त्या दिवशी गुरुवार होता. सोमवारी व गुरुवारी सकाळच्या प्रार्थनेत तोराचे, म्हणजे मोशेच्या पाच ग्रंथांचे, जाहीर वाचन करण्याचा ज्यूंचा जुना प्रघात आहे. स्त्रियांनी आपल्याबरोबर एक घडीचे टेबल आणि चर्मपत्रावर हाताने लिहिलेली तोराची गुंडाळी आणली होती. या प्रार्थनेसाठी पुढाकार घेतला होता अमेरिकेतील रिव्का हाउट या सनातनी परंपरेतील स्त्रीने. गुंडाळी उघडण्याचा मान मिळाला मानसशास्त्रज्ञ फिलिस चेसलर यांना. वाचन सुरू झाले आणि पडद्यापलीकडून, पुरुषांच्या बाजूने, आरडाओरडा होऊ लागला. शिव्याशाप कानी आले. स्त्रियांच्या बाजूलाही काही जणींनी विरोध केला. तरीही त्यांनी वाचन पुरे केले.

ज्या भिंतीपुढे हे घडले, तिचे माहात्म्य आधी समजून घेतले पाहिजे. जेरुसलेमच्या टेकडीवर ज्यूंचे मंदिर होते. सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी हेरोद राजाने त्या मंदिराचा विस्तार केला आणि टेकडीभोवती प्रचंड दगडांच्या आधारभिंती उभारल्या. इसवी सन ७० मध्ये रोमन सैन्याने मंदिर उद्ध्वस्त केले. आधारभिंती मात्र राहिल्या. पश्चिमेकडील भिंतीचा सुमारे ५७ मीटर लांबीचा भाग आज खुल्या चौकासमोर दिसतो. हिब्रू भाषेत तिला ‘कोटेल’, म्हणजे नुसतीच ‘भिंत’, म्हणतात. भाविक तिच्या दगडांवर कपाळ टेकतात, फटींमध्ये चिठ्ठ्या खोचतात. मंदिर गेले तरी देवाचे सान्निध्य या भिंतीला सोडून गेले नाही, अशी त्यांची श्रद्धा आहे.

ऑटोमन काळात आणि पुढे ब्रिटिश अमलात या भिंतीपुढे एक अरुंद बोळ तेवढा होता. त्या काळच्या छायाचित्रांत पुरुष आणि स्त्रिया त्या बोळात जवळजवळ उभे राहून प्रार्थना करताना दिसतात. मात्र यावरून घाईने निष्कर्ष काढू नये. तेथे काहीही कायमचे उभारण्यास सत्ताधाऱ्यांची मनाई होती. १९२८ साली प्रायश्चित्ताच्या पवित्र दिवशी ज्यूंनी स्त्री-पुरुषांमध्ये एक पडदा लावला, तेव्हा ब्रिटिश पोलिसांनी तो काढून टाकला आणि त्यावरून मोठा क्षोभ झाला. १९४८ ते १९६७ या काळात जुने शहर जॉर्डनच्या ताब्यात होते आणि ज्यूंना भिंतीपर्यंत जाताच येत नव्हते. जून १९६७ च्या युद्धात इस्राएलने हा भाग घेतला. भिंतीसमोरचा मोरोक्कन मोहल्ला पाडून, तेथील रहिवाशांना हलवून, विस्तीर्ण चौक करण्यात आला. सनातनी सिनेगॉगमध्ये असते तशी आडभिंत घालून चौकाचे दोन भाग केले गेले. स्त्रियांच्या वाट्याला त्यातला लहान भाग आला. म्हणजे आज जी व्यवस्था ‘पूर्वापार’ म्हणून सांगितली जाते, ती या जागेपुरती १९६७ नंतरची आहे. सिनेगॉगमधील विभागणी मात्र खरोखरच जुनी आहे. या पाठातील सगळा वाद या दोन वाक्यांच्या मध्ये उभा आहे.

पाठगत प्रश्न
(अ) १९२८ मधील पडद्याची घटना वादातील कोणत्या बाजूला उपयोगी पडेल, असे तुम्हांला वाटते? का?
(आ) ‘कोटेल’ या शब्दाचा अर्थ सांगा.

आता धर्मनियमाकडे वळू. ज्यू धर्मशास्त्रात ठरावीक वेळी करावयाच्या बहुतेक विधींतून स्त्रियांना सूट दिलेली आहे. प्रार्थनेच्या वेळी झालरीची शाल, म्हणजे ‘तालित’, पांघरणे आणि कपाळावर व दंडावर शास्त्रवचने ठेवलेल्या चामडी पेट्या, म्हणजे ‘तेफिलीन’, बांधणे ही कर्मे अशाच प्रकारची आहेत. सूट आणि बंदी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ज्याला सूट आहे त्याने ते कर्म स्वखुशीने केले तर काय? बाबिलोनी तालमूद या ग्रंथात असा उल्लेख आहे, की शौल राजाची कन्या मीखल तेफिलीन बांधत असे आणि विद्वानांनी तिला हरकत घेतली नाही. पुढच्या काळातील अनेक सनातनी पंडितांनी मात्र स्त्रियांनी असे करू नये, असे मत दिले. शिवाय काही प्रार्थनांना दहा प्रौढ पुरुषांची उपस्थिती लागते, आणि स्त्रीचे गाणे पुरुषांच्या कानी पडू नये, असेही कडव्या सनातन्यांचे मत आहे.

बायबलमधील हन्नेची कथा येथे आठवते. मूल व्हावे म्हणून ती शिलो येथील देवस्थानात आर्ततेने प्रार्थना करत होती. तिचे ओठ हलत होते, आवाज उमटत नव्हता. एली याजकाला वाटले, ही बाई मद्य प्यालेली आहे. त्याने तिला दटावले. तिने नम्रपणे, पण ठामपणे, त्याची समजूत दुरुस्त केली. पुढे तालमूदकारांनी प्रार्थना कशी करावी याचे नियम याच स्त्रीपासून घेतले. प्रार्थनेचा आदर्श एक स्त्री आहे, असे या कथेवरून म्हणता येते. आणि तिचा आवाज ऐकू येत नव्हता, असेही!

डिसेंबर १९८८ नंतर परिषदेचे प्रतिनिधी आपापल्या देशी परतले, परंतु जेरुसलेममधील स्त्रियांनी प्रार्थना चालू ठेवली. यासाठी त्यांनी ‘रोश होदेश’ हा दिवस धरला. ज्यूंचे महिने चांद्र असतात. अमावास्येनंतर नवा महिना सुरू होतो तो हा दिवस, आणि परंपरेने तो स्त्रियांचा विशेष सण मानला जातो. पुढे या गटाला ‘विमेन ऑफ द वॉल’ असे नाव पडले. सनातनी भगिनींना बरोबर ठेवता यावे म्हणून, ज्या प्रार्थनांना दहा पुरुष लागतात त्या हा गट मुद्दाम वगळत असे. त्यांना पुरुषांच्या भागात जायचे नव्हते. स्त्रियांच्याच भागात, एकत्र, मोठ्याने, तालित पांघरून आणि तोरा वाचून प्रार्थना करायची होती. एवढीच त्यांची मागणी होती.

एवढ्यावरून चौकात खुर्च्या फेकल्या गेल्या. मार्च १९८९ मध्ये पोलिसांना अश्रुधूर वापरावा लागला. स्त्रिया सर्वोच्च न्यायालयात गेल्या. याचिकाकर्त्यांत जेरुसलेम नगरपरिषदेच्या सदस्य अनात हॉफमन होत्या. पुढे दीर्घकाळ त्याच या चळवळीचा चेहरा राहिल्या. न्यायालयात प्रकरण चालू असतानाच, १९८९ च्या अखेरीस, सरकारने पवित्र स्थळांच्या नियमावलीत नवा नियम घातला : ‘स्थळाच्या रूढीनुसार नसलेला’ आणि इतर उपासकांच्या भावना दुखावणारा विधी करण्यास मनाई. नियमभंगास सहा महिन्यांपर्यंत कारावासाची तरतूद होती. ‘स्थळाची रूढी’ हे शब्द दिसायला निरुपद्रवी आहेत. पण रूढी कोणाची, आणि ती कोणत्या वर्षापासून मोजायची, हे नियमात लिहिलेले नव्हते. स्त्रिया दर महिन्याला तेथे येत राहिल्या, तर कालांतराने तीही रूढी ठरणार नाही काय?

न्यायालयाचा प्रवास लांबला. १९९४ मध्ये बहुमताने याचिका फेटाळली गेली आणि तोडगा काढण्याचे काम सरकारकडे सोपवले गेले. मे २००० मध्ये तीन न्यायाधीशांनी एकमताने स्त्रियांच्या बाजूने कौल दिला. सरकारने फेरसुनावणी मागितली. एप्रिल २००३ मध्ये नऊ न्यायाधीशांच्या पीठाने पाच विरुद्ध चार अशा निसटत्या बहुमताने ठरवले, की सरकारने जवळच ‘रॉबिन्सन कमान’ येथे योग्य सोय करून द्यावी; बारा महिन्यांत ती झाली नाही, तर स्त्रियांना मुख्य चौकातच प्रार्थना करू द्यावी. सोय झाली. ही जागा त्याच भिंतीच्या दक्षिण टोकाकडे आहे. दगड तेच, पण परिसर उत्खननाचा. इसवी सन ७० मध्ये वरून कोसळलेले प्रचंड दगड तेथील प्राचीन रस्त्यावर आजही पडलेले आहेत. सुधारक पंथांच्या स्त्री-पुरुषांना एकत्र प्रार्थनेसाठी ही जागा सोयीची वाटली. विमेन ऑफ द वॉलच्या स्त्रियांना मात्र मूळ स्त्री-विभागच हवा होता.

त्या तेथे येत राहिल्या आणि अटका सुरू झाल्या. नोव्हेंबर २००९ मध्ये तालित पांघरलेल्या एका वैद्यकीय विद्यार्थिनीला पोलिसांनी धरून नेले. जुलै २०१० मध्ये तोराची गुंडाळी हाती असताना अनात हॉफमन यांना अटक झाली. ऑक्टोबर २०१२ मध्ये पुन्हा झाली. फेब्रुवारी २०१३ मध्ये दहा जणींना ताब्यात घेतले गेले. त्या दिवशी १९६७ च्या युद्धात ही भिंत जिंकून घेणारे काही वृद्ध छत्रीधारी सैनिक स्त्रियांना पाठिंबा देण्यासाठी मुद्दाम आले होते.

वळण आले ते एप्रिल २०१३ मध्ये. जेरुसलेमच्या जिल्हा न्यायालयाने सांगितले, की या स्त्रियांची प्रार्थना शांतताभंग ठरत नाही आणि ‘स्थळाची रूढी’ म्हणजे केवळ सनातनी रूढी असा अर्थ घेता येणार नाही. पुढच्याच महिन्यात पोलीस या स्त्रियांच्या रक्षणासाठी उभे राहिले. त्या दिवशी धर्मगुरूंच्या आवाहनावरून हजारो सनातनी मुली पहाटेच चौकात दाखल झाल्या होत्या आणि त्यांनी स्त्री-विभाग भरून टाकला होता. त्या मुलींना कोणी फसवून आणले होते, असे समजणे अन्यायाचे होईल. आपल्या आज्या जशी प्रार्थना करत, तशीच ती राहावी, असे त्यांच्यापैकी अनेकींना मनापासून वाटत होते.

तालितचा प्रश्न अशा रीतीने सुटला, तोराचा सुटला नाही. भिंतीच्या व्यवस्थापक धर्मगुरूंनी २०१० मध्ये बाहेरून गुंडाळी आणण्यास बंदी केली होती. पुरुषांच्या भागात सार्वजनिक वापरासाठी अनेक गुंडाळ्या ठेवलेल्या होत्या, पण त्यांतील एकही स्त्रियांना मिळत नसे. ऑक्टोबर २०१४ मध्ये स्त्रियांनी वीतभर उंचीपेक्षा थोडीच मोठी, सुमारे दोनशे वर्षांची जुनी गुंडाळी सामानात लपवून आत नेली आणि एका बारा वर्षांच्या मुलीने आपल्या वयात येण्याच्या विधीत तिच्यातून वाचन केले. अक्षरे इतकी बारीक होती, की वाचायला भिंग लागले. पुढे झडतीचा प्रश्नही न्यायालयात गेला. जानेवारी २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्त्रियांच्या अंगझडतीस मनाई केली आणि त्यांना तोरा का वाचू देऊ नये, याचे कारण सरकारकडे मागितले.

दरम्यान ३१ जानेवारी २०१६ रोजी मंत्रिमंडळाने एक तडजोड मंजूर केली होती. रॉबिन्सन कमानीपाशी स्त्री-पुरुषांच्या एकत्र प्रार्थनेसाठी मोठी, कायमची जागा बांधायची आणि तिन्ही विभागांना एकच प्रवेशद्वार ठेवायचे, असे ठरले. यावर चळवळीतच फूट पडली. संघटनेने तडजोड स्वीकारली. १९८८ पासूनच्या काही जणींनी ती नाकारली. आपण दुसरी जागा मागितलीच नव्हती, असे त्यांचे म्हणणे होते. सनातनी स्त्रीला पुरुषांसह प्रार्थना करता येत नाही. मग स्त्री-विभाग सोडून दिला, तर तिने जायचे कोठे? हा प्रश्न बिनतोड होता आणि त्याला तडजोडीत उत्तर नव्हते. पुढे सनातनी पक्षांच्या दबावाखाली २५ जून २०१७ रोजी सरकारनेच ही योजना स्थगित केली. जुलै २०१८ मध्ये कमानीजवळील प्रार्थनेच्या चौथऱ्यावर भिंतीतून एक भला मोठा दगड निखळून पडला. पहाटेची वेळ होती, कोणाला इजा झाली नाही. पण तेथे भिंतीला हात लावण्याची वाट बंद झाली. ८ मार्च २०१९ रोजी स्त्रिया तीस वर्षांच्या प्रार्थनेचा सोहळा करण्यासाठी मुख्य चौकात आल्या, तेव्हा हजारोंचा जमाव समोर होता आणि धक्काबुक्कीत त्यांना तेथून बाहेर पडावे लागले. पुढच्या रोश होदेशला त्या पुन्हा आल्या.

शब्दार्थ
आधारभिंत – टेकडी वा भराव खचू नये म्हणून बांधलेली भिंत. प्रघात – चाल, रीत. क्षोभ – तीव्र संताप. निसटते बहुमत – अगदी थोड्या फरकाचे बहुमत. बिनतोड – ज्याला उत्तर देता येत नाही असे.

स्वाध्याय
१. ‘सूट’ आणि ‘बंदी’ यांतील फरक पाठातील मीखलच्या उदाहरणाच्या आधारे स्पष्ट करा.
२. १९८९ च्या नियमातील ‘स्थळाची रूढी’ या शब्दांचा अर्थ २०१३ मध्ये न्यायालयाने कसा लावला?
३. २०१६ ची तडजोड नाकारणाऱ्या स्त्रियांचे म्हणणे तुम्हांला पटते का? मे २०१३ मध्ये चौकात आलेल्या एखाद्या सनातनी मुलीने त्यांना काय उत्तर दिले असते, तेही लिहा.
४. तुमच्या गावात किंवा घरात ‘पूर्वापार’ म्हणून सांगितली जाणारी एखादी रीत निवडा. ती नेमकी केव्हापासून सुरू झाली, हे घरातील वा शेजारच्या वडीलधाऱ्या मंडळींना विचारून आठ-दहा ओळींत लिहा.