चोरट्या चित्रपटांचीं नांवें

संगणकावर ठेवलेल्या प्रत्येक वस्तूस नांव द्यावें लागतें. परंतु चोरून प्रसृत केलेल्या चित्रपटांचीं नांवें विलक्षण लांब असतात. आमच्या विद्यार्थ्यांपैकीं पुष्कळांनीं तीं पाहिलीं असतील. त्यांचा अर्थ मात्र थोड्यांनींच शोधिला असेल. तो अर्थ व त्यामागील इतिहास येथें थोडक्यांत देण्याचें आम्ही योजिलें आहे.

डॉस पद्धतीच्या जुन्या संगणकांवर नांवास आठ अक्षरें व प्रकार दर्शविण्यास तीन, एवढीच जागा असे. त्या काळीं संगणकीय खेळ चोरणाऱ्या टोळ्या मालाचें वर्णन निराळ्या टिपणांत लिहून सोबत जोडीत. १९९५ सालीं विंडोज ९५ आलें व लांब नांवें देण्याची सोय सर्वत्र झाली. पुढें २००० च्या सुमारास चित्रपट आवळून ७०० मेगाबाइटांच्या एकदोन तबकड्यांवर बसवितां येऊं लागला. टोळ्यांनीं आपसांत नियम ठरविले, आणि त्यांतून नांवांचा ठराविक क्रम रूढ झाला.

उदाहरणार्थ, ‘चित्रपट.२०१६.१०८०पी.ब्ल्यूरे.एक्स२६४-टोळी’ असें नांव घेऊं. प्रथम शीर्षक, मग प्रदर्शनाचें वर्ष. १०८० ही चित्रांतील आडव्या ओळींची संख्या. ब्ल्यूरे हें मूळ प्रतीचें उगमस्थान. एक्स२६४ हें चित्र आवळण्याचें साधन. आणि शेवटीं टोळीचें टोपणनांव. शब्दांमध्यें टिंबें कां? मोकळी जागा सोडल्यास पुष्कळ संगणकांवर आज्ञेचे तुकडे पडत, म्हणून. ‘कॅम’ म्हणजे चित्रगृहांत लपून केलेलें चित्रण; ‘स्क्रीनर’ म्हणजे परीक्षकांस विश्वासानें पाठविलेली प्रत. एका टोळीची प्रत सदोष निघाल्यास दुसरी टोळी ‘प्रॉपर’ या शब्दासह निर्दोष प्रत काढी. स्वतःची चूक सुधारल्यास ‘रीपॅक’ लिही.

ही शिस्त पाहून तरुण मनास कौतुक वाटणें स्वाभाविक आहे. परंतु मापांत अचूक असणारा मनुष्य मालाच्या मालकीविषयींही प्रामाणिक असतो, असें नाहीं. या लांबलचक नांवांत चोरणाऱ्याची खूण असते. दिग्दर्शक, लेखक, छायालेखक यांचें नांव नसतें. ज्यांच्या श्रमांवर तें सारें उभें आहे, त्यांनाच तेथें जागा नाहीं.

शिवाय या नांवांवर विश्वास ठेवणेंही धोक्याचें आहे. विंडोज पुष्कळदां नांवाचा अंतिम भाग झांकतें. म्हणून ‘एमपी४’ असें दिसणाऱ्या नांवापुढें ‘ईएक्सई’ दडलेलें असूं शकतें. तो चित्रपट नसून संगणकांत शिरणारा चोरच होय. पालकांनीं हें ध्यानांत ठेवावें.

डिसेंबर २००१ मध्यें अमेरिकेनें इतर देशांच्या साह्यानें ‘ड्रिंक-ऑर-डाय’ या संगणकीय चोरट्यांच्या टोळीवर धाडी घातल्या. टोपणनांवांआडचीं माणसें सांपडलीं व कित्येकांस कारावास घडला. आपल्या देशांतही २०२३ च्या चलच्चित्र दुरुस्ती कायद्यानें चित्रपटाच्या चोरट्या चित्रणास व प्रसारास तीन महिन्यांपासून तीन वर्षांपर्यंत कैद आणि किमान ३ लाख रुपये दंड ठरविला आहे.

तथापि केवळ दंडाच्या भयानें नव्हे, तर दुसऱ्याच्या श्रमाचा मान राखावा म्हणून आपले विद्यार्थी या मोहापासून दूर राहतील, अशी आम्ही आशा करितों.