शुक्रवारचं तिकीट

चांदणी चौकातल्या भागीरथ पॅलेसमध्ये आज जिकडे तिकडे विजेचं सामान दिसतं. पण दिल्लीच्या सिनेमा वितरकांची ऑफिसं इथेच होती. मी तिथे हिशेबनीस म्हणून लागलो तेव्हा जिन्यात पत्र्याच्या पेट्यांची थप्पी असायची, रिळांनी भरलेल्या. पुढे पदरमोड करून दोन मराठी चित्रपट काढले आणि दिल्लीत मराठी चित्रपट लावायचं खूळ डोक्यात घेतलं. त्यात हात पोळून जे कळलं, ते असं.

१. धंद्याच्या भाषेत दिल्ली-यूपी ही एकच टेरिटरी. मराठी चित्रपटाला तिचा उपयोग शून्य. आमची टेरिटरी म्हणजे करोल बाग, पहाडगंज आणि नोकरीपायी नोएडा-गुडगावला आलेली पोरं. मंडळांच्या गणपतीत मी आरतीला कमी आणि फोन नंबर टिपायला जास्त उभा राहिलो. ती वही हीच माझी खरी मालमत्ता.

२. एमजी, म्हणजे मिनिमम गॅरंटी, देऊ नये. चित्रपट आपटला तरी निर्मात्याचे पैसे सुटतात, बुडतो तो वितरक. पहिल्याच एमजीत माझे घराच्या हप्त्यांचे पैसे गेले. तेव्हापासून कमिशनवरच. निर्माता झालो तेव्हा मात्र मीच एमजी मागत फिरलो. (कोणी दिली नाही.)

३. महाराष्ट्रात मल्टिप्लेक्सना मराठी चित्रपट प्राइम टाइमला दाखवायला सरकार सांगतं. दिल्लीत कोण सांगणार? मिळतो तो सकाळी पावणेदहाचा शो, तोही गुडगावला. करोल बागेतल्या आजींना त्यासाठी आठला घर सोडावं लागतं. एक शो मिळाला तरी चालेल, पण रविवारी दुपारचा मिळवा. त्यासाठी भांडा, चहा पाजा, महिनाभर आधी खेटे घाला.

४. रिळं गेली तरी पेटीची चिंता गेली नाही. आता चित्रपट हार्ड डिस्कवर येतो आणि तो उघडायला केडीएम नावाची डिजिटल किल्ली लागते. ही किल्ली ठरावीक सर्व्हरला, ठरावीक तारखांपुरतीच चालते. नोएडात एका शनिवारी ऐनवेळी आमचा शो तीन नंबरच्या पडद्यावरून पाचवर हलवला. किल्ली तीनची. आत साठ माणसं, पडद्यावर काळोख. मी मुंबईला फोन लावतोय, पलीकडे कोणी उचलत नाही. नऊवारी नेसलेल्या एक काकू बाहेर येऊन म्हणाल्या, "अहो, तोवर कोणी गाणं तरी म्हणा." आणि खरंच आत कोणीतरी भावगीत धरलं. चाळीस मिनिटांनी नवी किल्ली मेलवर आली. एकानेही पैसे परत मागितले नाहीत. तेव्हापासून मी थिएटरातल्या सगळ्या पडद्यांच्या किल्ल्या आधीच मागवतो.

५. इंग्रजी सबटायटल्स हवीतच. जावई पंजाबी असतो.

६. पुरस्कारावर विसंबू नये. 'श्यामची आई'ला १९५४ साली पहिलं राष्ट्रपती सुवर्णपदक मिळालं. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान मराठीकडे परत यायला पन्नास वर्षं लागली, 'श्वास'च्या रूपाने. हे सोहळे होतात दिल्लीतच. पण पोस्टरवर सुवर्णकमळ छापून मी गेलो तेव्हा व्यवस्थापकाने विचारलं, "हीरो कौन है?"

७. उरलेली गोष्ट तुमच्या हातातली. शनिवार-रविवारचे शो ठेवायचे की काढायचे, हे बऱ्याचदा शुक्रवारच्या गल्ल्यावर ठरतं. आपली माणसं मात्र "रविवारी सगळे मिळून जाऊ" म्हणतात आणि रविवारी मला फोन करतात: शो कुठे गेला? तेव्हा दिल्लीकरहो, तिकीट शुक्रवारचं काढा.